ठाणे–नवी मुंबईत राहायला आलात? मतदार ओळखपत्र इथल्या पत्त्यावर असं करून घ्या

खिशात सातारा, जळगाव किंवा लातूरच्या पत्त्याचं मतदार कार्ड, आणि राहणं घणसोलीत नाहीतर घोडबंदर रोडला. अशी माणसं इथल्या जवळजवळ प्रत्येक इमारतीत आहेत. निवडणूक जाहीर झाली की सगळ्यांना एकदम आठवण होते, आणि तोवर मुदत बहुतेक निघून गेलेली असते. म्हणून हे काम निवडणूक नसतानाच करून टाका. तेव्हा अधिकाऱ्यांकडे वेळ असतो आणि अर्ज अडकला तर दुरुस्त करायला तुमच्याकडेही.

सुरू करण्याआधी एक गोष्ट पक्की समजून घ्या. मतदानाचा हक्क मिळतो तो यादीतल्या नावामुळे, कार्डामुळे नाही. यादीत नाव असेल आणि कार्ड घरी राहिलं असेल तर आधार, पॅन, वाहन परवाना, पासपोर्ट, फोटो असलेलं बँकेचं पासबुक यांपैकी काहीही दाखवून मतदान करता येतं. उलट कार्ड हातात आहे पण यादीत नाव नाही, तर केंद्रावरून परत यावं लागतं. त्यामुळे पुढची सगळी धडपड आधी नोंदीसाठी आहे. नोंद नीट झाली की कार्ड तिच्या मागोमाग येतंच.

## १. इथे नाव हवं की गावाला, हे आधी ठरवा

कायद्यानुसार एका माणसाचं नाव एकाच मतदारसंघात, तेही एकदाच, असू शकतं. ‘गावाला ग्रामपंचायतीसाठी राहू दे, इथेही एक करून ठेवू’ असं बरेच जण करतात. हे बेकायदेशीर आहे. अर्जावर तुम्ही जे घोषणापत्र सही करता ते खोटं ठरलं तर लोकप्रतिनिधित्व अधिनियम, १९५० च्या कलम ३१ खाली एक वर्षापर्यंत कैद, दंड किंवा दोन्ही होऊ शकतात. शिवाय दुबार नावांची छाननी होते तेव्हा दोन्हीकडे चौकशी लागते, आणि ज्या ठिकाणचं नाव हवं होतं तेच जाण्याची भीती असते.

नाव तिथेच नोंदवायचं जिथे तुम्ही सर्वसाधारणपणे राहता. स्वतःचं घर असण्याची अट नाही. भाड्याने राहणारा, पेइंग गेस्ट, मित्रांसोबत खोली घेऊन राहणारा, सगळ्यांना इथे नोंदणीचा पूर्ण हक्क आहे. नुसता फ्लॅट घेऊन ठेवला आहे आणि राहता दुसरीकडे, तर मात्र त्या फ्लॅटच्या पत्त्यावर नोंद होत नाही. होस्टेलवर राहणाऱ्या विद्यार्थ्यांना गावचा पत्ता किंवा होस्टेलचा पत्ता यांतला एक निवडता येतो. होस्टेलचा निवडला तर संस्थाप्रमुखाचं प्रमाणपत्र जोडावं लागतं.

सणाला आणि निवडणुकीला गावी जाणं ठरलेलंच असेल आणि नाव तिथे ठेवायचं असेल, तर इथे अर्ज करू नका. मात्र तीन-चार वर्षं इथे राहून पाणी, रस्ते, लोकल या सगळ्याचा त्रास इथलाच सोसत असाल तर मतही इथेच असावं, असं माझं स्पष्ट मत आहे.

## २. जुनं नाव यादीत आहे का, ते बघा

निवडणूक आयोगाच्या मतदार सेवा पोर्टलवर यादीत नाव शोधण्याची सोय आहे. पत्ता: व्होटर्स डॉट ईसीआय डॉट गव्ह डॉट इन. एपिक क्रमांकाने, तपशिलाने किंवा मोबाइल क्रमांकाने शोधता येतं. एपिक क्रमांक म्हणजे कार्डावरची तीन इंग्रजी अक्षरं आणि सात आकडे.

नव्वदच्या दशकातली जुनी कार्डं असलेल्यांची इथे अडचण होते. त्यांच्या कार्डावर ‘एमटी’ने सुरू होणारा, तिरक्या रेघांनी तोडलेला लांबलचक क्रमांक असतो आणि तो टाकून काही सापडत नाही. अशा वेळी नाव, वडिलांचं किंवा पतीचं नाव, वय आणि जिल्हा टाकून शोधा. नोंद सापडली की तिथे नवा दहा अक्षरी क्रमांक दिसतो, तोच पुढे वापरायचा.

नाव शोधताना स्पेलिंग बदलून बघा. लग्नाआधीचं आडनाव, वडिलांच्या नावाऐवजी पतीचं नाव, आडनावाआधी नाव, असे सगळे प्रकार करून मगच ‘नाव नाही’ असं म्हणा. पुढचा नमुना, म्हणजे फॉर्म, कोणता भरायचा ते यावरच ठरतं.

## ३. नमुना ६ की नमुना ८?

नमुना ६ फक्त त्यांच्यासाठी ज्यांचं नाव देशात कुठेच यादीत नाही. म्हणजे नुकतेच अठरा पूर्ण झालेले, किंवा ज्यांनी आजवर नोंदणीच केली नाही असे. वयाची गणना आता वर्षातून चार तारखांना होते: १ जानेवारी, १ एप्रिल, १ जुलै आणि १ ऑक्टोबर. सतरा पूर्ण झालेल्यांनाही आगाऊ अर्ज करून ठेवता येतो.

नमुना ८ बाकी जवळजवळ सगळ्यासाठी: राहण्याचं ठिकाण बदललं, नोंदीत चूक आहे, कार्ड हरवलं किंवा खराब झालं, दिव्यांग म्हणून नोंद हवी.

गावाहून इथे आलेल्यांना नमुना ८ लागतो, त्यातला ‘स्थलांतर’ हा पर्याय. पूर्वी मतदारसंघ बदलला तर नमुना ६ भरायचे. २०२२ साली नमुने बदलले आणि ती पद्धत गेली. तरी अजूनही कोपऱ्यावरचा सायबर कॅफेवाला किंवा एखादा उत्साही कार्यकर्ता नमुना ६ भरून देतो. तसं झालं की तुमच्या नावावर दुसरा एपिक क्रमांक तयार होतो आणि तुम्ही नकळत दुबार मतदार होता. हे आधीच घडलं असेल तर जुन्या ठिकाणचं नाव काढण्यासाठी नमुना ७ भरा.

नमुना ८ ने स्थलांतर केलं तर जुन्या ठिकाणचं नाव काढायला वेगळा अर्ज लागत नाही. एपिक क्रमांकही तोच राहतो.

पत्ताही बदलायचा आहे आणि नावातली चूकही दुरुस्त करायची आहे, असं असेल तर आधी स्थलांतर करून घ्या, ते मंजूर झाल्यावर दुरुस्तीचा वेगळा अर्ज करा. दोन्ही एकदम टाकले की एक अर्ज दुसऱ्यावर अडकून बसतो.

आणि घरात चार मतदार असतील तर चार अर्ज. कुटुंबप्रमुखाचा पत्ता बदलला म्हणून बाकीच्यांचा आपोआप बदलत नाही.

## ४. तुमचा मतदारसंघ नेमका कोणता?

नवीन माणूस सगळ्यात जास्त इथे चुकतो, कारण इथली शहरं, जिल्हे आणि मतदारसंघ यांच्या सीमा एकमेकांशी जुळत नाहीत.

नवी मुंबई म्हणजे एकच जिल्हा नाही. दिघा, ऐरोलीपासून बेलापूरपर्यंतचा भाग ठाणे जिल्ह्यात येतो. खारघर, कामोठे, कळंबोली, नवीन पनवेल, उलवे हे रायगड जिल्ह्यात. खारघरला राहून अर्जात ‘ठाणे’ जिल्हा निवडला, तर पुढच्या यादीत तुमचा मतदारसंघ सापडतच नाही, आणि घाईत माणूस बेलापूर निवडून मोकळा होतो. असा अर्ज चुकीच्या कार्यालयात जातो आणि तिथून नाकारला जातो.

ढोबळमानाने असं आहे:

- १४८ ठाणे: नौपाडा आणि जुनं ठाणे, शिवाय घोडबंदर रोडकडचा काही भाग
- १४७ कोपरी-पाचपाखाडी: कोपरी, पाचपाखाडी, वागळे इस्टेट, किसननगर
- १४६ ओवळा-माजिवडा: घोडबंदर रोडचा मोठा भाग, आणि मिरा-भाईंदर महापालिकेतलाही काही भाग
- १४९ मुंब्रा-कळवा
- १५० ऐरोली: दिघा, ऐरोली, रबाळे, घणसोली, कोपरखैरणे
- १५१ बेलापूर: वाशी, सानपाडा, नेरुळ, सीवूड्स, बेलापूर
- १८८ पनवेल: खारघर, कामोठे, कळंबोली, पनवेल. जिल्हा रायगड, आणि लोकसभेला मावळ

दिव्याच्या रहिवाशांनी विशेष लक्ष द्या. दिवा ठाणे महापालिकेत असलं तरी विधानसभेला ते कल्याण ग्रामीणमध्ये येतं. आणि घोडबंदर रोडला ‘ठाणे’ की ‘ओवळा-माजिवडा’ हे पिनकोडवरून किंवा बसस्टॉपच्या नावावरून ठरवू नका. एका रस्त्याच्या दोन बाजू दोन मतदारसंघांत असू शकतात.

खात्रीचा उपाय साधा आहे. त्याच इमारतीत राहणाऱ्या, इथे मतदान केलेल्या शेजाऱ्याला विचारा आणि पोर्टलवर त्यांचं नाव शोधून मतदारसंघ आणि यादी भाग क्रमांक पाहून घ्या. तोच तुमचाही भाग असण्याची शक्यता सर्वांत जास्त. शेजाऱ्यांचा एपिक क्रमांक मात्र अर्जातल्या कुटुंबीयाच्या रकान्यात टाकू नका. तिथे फक्त त्याच घरात राहणाऱ्या नातेवाइकाचा क्रमांक येतो.

## ५. कागदपत्रं

फोटो: पासपोर्ट आकाराचा, पांढऱ्या पार्श्वभूमीचा, समोर बघणारा. मोबाइलवर काढलेला चालतो, पण भिंतीला टेकून काढलेल्या फोटोत डोक्यामागे सावली पडते, ती टाळा. कार्डावरचा फोटो छापताना आधीच काळपट होतो.

वयाचा पुरावा (नमुना ६ साठी): जन्म दाखला, आधार, पॅन, वाहन परवाना, जन्मतारीख असलेलं दहावी-बारावीचं प्रमाणपत्र, पासपोर्ट. यांपैकी एक.

पत्त्याचा पुरावा: यांपैकी एक, नव्या पत्त्याचा.

- पाणी, वीज किंवा गॅस जोडणीचं बिल. नमुन्यात यापुढे ‘किमान १ वर्ष’ अशी अट छापलेली आहे
- आधार
- राष्ट्रीयीकृत किंवा शेड्यूल्ड बँकेचं वा पोस्टाचं चालू पासबुक
- पासपोर्ट
- महसूल खात्याचा जमीन-मालकीचा उतारा
- नोंदणीकृत भाडेकरार
- नोंदणीकृत खरेदीखत

भाडेकरूंसाठी यात तीनच गोष्टी कामाच्या उरतात: भाडेकरार, आधार आणि पासबुक. महावितरणचं किंवा महानगर गॅसचं बिल घरमालकाच्या नावावर असतं, त्यामुळे त्याचा उपयोग नाही.

भाडेकरार म्हणजे नोंदणीकृत लिव्ह अँड लायसन्स. महाराष्ट्र भाडे नियंत्रण अधिनियम, १९९९ च्या कलम ५५ नुसार अशा कराराची नोंदणी सक्तीची आहे आणि ती करण्याची जबाबदारी घरमालकाची आहे. स्टॅम्पपेपरवर लिहून नोटरी केलेला करार इथे चालत नाही, मग त्यावर कितीही शिक्के असोत. नोंदणी विभागाच्या ऑनलाइन पद्धतीने केलेल्या करारात अंगठे आणि फोटो असलेलं पान आणि दस्त क्रमांकाचं पान शेवटी असतं. अपलोड करताना ही पानं गाळू नका. पहिल्या पानावर पत्ता, शेवटच्या पानांवर नोंदणी, दोन्ही दिसलं पाहिजे. अकरा महिने संपलेला करार देऊ नका.

आता एक बारीक पण महत्त्वाची गोष्ट. पत्त्याचा पुरावा आई, वडील, पती, पत्नी किंवा सज्ञान मुलाच्या नावावरचा चालतो, पण ती व्यक्ती त्याच पत्त्यावर आधीच मतदार असेल तरच. म्हणजे नवराबायको दोघंही नव्याने आले असतील आणि करार फक्त नवऱ्याच्या नावावर असेल, तर बायकोचा अर्ज त्या करारावर लगेच होत नाही. आधी नवऱ्याचं स्थलांतर मंजूर व्हायचं, मग तिचा अर्ज. यावर सोपा उपाय म्हणजे करार करतानाच दोघांची नावं लायसन्सी म्हणून घालायला लावा. एजंट ‘एकाचंच पुरे’ म्हणतो, कारण त्याला एका माणसाचे कमी अंगठे घ्यावे लागतात. तुम्ही आग्रह धरा.

करार कंपनीच्या किंवा रूममेटच्या नावावर असेल तर बँकेत जाऊन पत्ता बदलून घ्या आणि पासबुक नव्याने छापून मागा. किंवा आधारवर आधी नवा पत्ता घाला. आधारचा पत्ता माय-आधार पोर्टलवरून घरबसल्या बदलता येतो, पण त्यासाठीही पुरावा लागतोच. माझ्या मते ज्यांच्याकडे काहीच नाही त्यांनी सुरुवात बँकेपासून करावी.

यादीतलं एकही कागदपत्र नसेल तरी अर्ज करता येतो. अशा वेळी प्रत्यक्ष येऊन केलेली पडताळणी सक्तीची असते आणि सगळी भिस्त तिच्यावर राहते.

आधार क्रमांक देण्याचा रकाना अर्जात आहे, पण तो नाही म्हणून नोंदणी नाकारता येत नाही.

## ६. अर्ज भरताना

पोर्टलवर मोबाइल क्रमांकाने खातं उघडा. हा क्रमांक स्वतःचा आणि पुढची काही वर्षं चालू राहणारा हवा. दुकानदाराचा किंवा एजंटचा क्रमांक टाकला की सगळे निरोप आणि ओटीपी त्याच्याकडे जातात, आणि पुढे ई-कार्ड काढतानाही तुम्ही अडकता. आधारशी मोबाइल जोडलेला असेल तर आणखी बरं, कारण सादर करताना आधारवर आधारित ई-स्वाक्षरी मागितली जाऊ शकते आणि तिचा ओटीपी आधारशी जोडलेल्या मोबाइलवरच येतो.

कागदपत्रं दोन एमबीच्या आत ठेवा. फोटो जेपीजी, बाकी जेपीजी किंवा पीडीएफ. कराराची बारा पानं एकाच पीडीएफमध्ये बसत नसतील तर पान आकुंचित करा, पण अक्षरं वाचता येतील इतकंच. धूसर पीडीएफ हे अर्ज लटकण्याचं नेहमीचं कारण आहे.

खरी काळजी घ्यायची ती मराठी रकान्यांची. तुम्ही इंग्रजीत टाइप केलं की शेजारी मराठी रूप आपोआप उमटतं, आणि यादीत व कार्डावर तेच छापलं जातं. यंत्राला ‘ळ’ आणि ‘ल’ यांतला फरक कळत नाही. काळे यांचे काले होतात, पोळ यांचे पोल, मुळीक यांचे मुलिक. साठेंचा काना उडतो. त्यामुळे प्रत्येक मराठी रकाना स्वतः वाचा, चूक असेल तर तो खोडून मराठीत पुन्हा टाइप करा. नाव, वडिलांचं नाव, रस्ता, गाव, पोस्ट ऑफिस, सगळं. इथे दोन मिनिटं घालवली नाहीत तर पुढे दुरुस्तीसाठी दुसरा नमुना ८ भरावा लागतो.

पत्ता असा लिहा की अनोळखी माणूस दारापर्यंत पोहोचेल. नवी मुंबईत नुसतं ‘सेक्टर १०’ लिहून भागत नाही, कारण त्याच क्रमांकाचे सेक्टर वाशीतही आहेत, ऐरोलीतही आणि खारघरमध्येही. फ्लॅट क्रमांक, विंग, इमारतीचं नाव, प्लॉट क्रमांक, सेक्टर, नोड (म्हणजे वाशी, ऐरोली असा विभाग), पिनकोड हे सगळं द्या. गावठाणातल्या किंवा चाळीतल्या घरासाठी घर क्रमांकासोबत चाळमालकाचं नाव आणि जवळची ठळक खूण घाला. ठाण्यात एकाच नावाच्या दोन-दोन सोसायट्या असतात, तिथे रस्त्याचं नाव विसरू नका.

सगळं भरल्यावर पूर्वदृश्य येतं. ते मोबाइलवर न बघता मोठ्या पडद्यावर वाचा. सादर केलं की संदर्भ क्रमांक मिळतो. त्याचा स्क्रीनशॉट काढून ठेवा.

कागदावर अर्ज करायचा असेल तर तो तुमच्या भागाच्या बीएलओकडे (मतदान केंद्रस्तरीय अधिकाऱ्याकडे) किंवा मतदार नोंदणी अधिकाऱ्याच्या कार्यालयात देता येतो. अर्जाच्या तळाशी पोच असते. ती सही-तारखेसह फाडून घेतल्याशिवाय निघू नका. दोन्हीपैकी कुठल्याही मार्गाने केलं तरी नाव नोंदवायला किंवा पत्ता बदलायला कसलंही शुल्क नाही. ‘लवकर करून देतो’ म्हणून पैसे मागणाऱ्याच्या हातात असं काहीच नसतं की ज्याने मुदत कमी होईल.

## ७. बीएलओ घरी येतात तेव्हा

अर्जाचं भवितव्य इथे ठरतं. बीएलओ म्हणजे मतदान केंद्रस्तरीय अधिकारी. बहुतेक वेळा हे शिक्षक, अंगणवाडी सेविका किंवा महापालिकेचे कर्मचारी असतात आणि आपली नेहमीची नोकरी सांभाळून हे काम करतात. ते अर्ज हातात घेऊन दिलेल्या पत्त्यावर जातात, तुम्ही खरंच राहता का ते बघतात आणि अहवाल देतात.

मोठ्या संकुलांमध्ये काय होतं ते बघा. बीएलओ दुपारी गेटवर येतात. वॉचमन इंटरकॉम लावतो, घरात कुणी नसतं कारण दोघंही कामाला. तो रजिस्टर बघतो, तिथे फ्लॅट मूळ मालकाच्या नावावर. ‘इथे या नावाचं कोणी राहत नाही,’ असं तो सांगतो. अहवालात ‘दिलेल्या पत्त्यावर आढळले नाहीत’ अशी नोंद होते आणि अर्ज नाकारला जातो. कुणाचा हेतू वाईट नसतो, तरी अर्ज जातो.

म्हणून अर्ज केल्या दिवशीच एवढं करा:

- दारावर आणि खालच्या नावांच्या फलकावर तुमचं आडनाव लावा, भाडेकरू असलात तरी.
- वॉचमनला आणि सोसायटीच्या कार्यालयात सांगून ठेवा. गेटच्या रजिस्टरमध्ये भाडेकरू म्हणून नाव घालून घ्या.
- शेजारच्या घरी कल्पना द्या. घर बंद असेल तर बीएलओ शेजारीच विचारतात.
- अनोळखी क्रमांकाचे फोन त्या काळात उचला.
- करार, आधार आणि फोटोची एक-एक झेरॉक्स घरात वर काढून ठेवा. अपलोड केलं असलं तरी मागतात.

अर्जाची स्थिती बीएलओ नियुक्त झाल्याचं दाखवू लागली की आपल्या भागाच्या बीएलओंचं नाव आणि फोन पोर्टलवर मिळतो. आठवडाभरात कुणी आलं नाही तर आपणच सभ्यपणे फोन करा, संध्याकाळची किंवा रविवारची वेळ सुचवा. एकेका बीएलओकडे शेकडो घरं असतात, तुमच्या फोनने त्यांचंही काम सोपं होतं.

## ८. किती दिवस लागतात?

पोर्टलवर स्थिती अशी सरकते: सादर, बीएलओ नियुक्त, प्रत्यक्ष पडताळणी, मग मंजूर किंवा नामंजूर.

यात एक टप्पा कुणालाही कमी करता येत नाही. आलेल्या अर्जांची यादी हरकतींसाठी प्रसिद्ध केली जाते आणि सात दिवस वाट पाहावीच लागते. त्यामुळे ‘तीन दिवसांत कार्ड’ ही थाप आहे. बाकीचा वेळ बीएलओंच्या भेटीवर आणि कार्यालयातल्या गर्दीवर अवलंबून. निवडणूक नसताना, कागदपत्रं नीट असतील तर अर्जापासून मंजुरीपर्यंत साधारण महिना धरा. मंजुरीनंतर कार्ड छापून स्पीड पोस्टने येतं. यादीत नोंद झाल्यापासून पंधरा दिवसांत कार्ड पोहोचवायचं, असं निवडणूक आयोगाने जून २०२५ मध्ये जाहीर केलं. एकूण दीड ते दोन महिने हातात ठेवा.

मतदार यादीचं पुनरीक्षण चालू असेल, मग ते दरवर्षीचं असो वा विशेष सखोल, तर हिशेब बदलतो. तेव्हा अर्ज दावे आणि हरकतींच्या ठरलेल्या वेळापत्रकात जातात आणि निकाल अंतिम यादीबरोबरच लागतो. त्या काळात अर्जासोबत वेगळं घोषणापत्र मागितलं तर तेही जोडा.

लोकसभा किंवा विधानसभेसाठी उमेदवारी अर्ज भरण्याची शेवटची तारीख उलटली की त्या निवडणुकीपुरती यादी गोठते. सात दिवसांची हरकत-मुदत मागे मोजा, म्हणजे निवडणूक जाहीर झाल्यावर किती थोडा वेळ उरतो ते लक्षात येईल.

महापालिकेचं गणित आणखी वेगळं आहे. महापालिकेसाठी स्वतंत्र मतदार नोंदणी नसते. राज्य निवडणूक आयोग विधानसभेचीच यादी एका ठराविक तारखेची घेतो आणि ती प्रभागांत विभागतो. १५ जानेवारी २०२६ रोजी ठाणे, नवी मुंबई आणि पनवेल महापालिकांसाठी मतदान झालं, पण यादी होती १ जुलै २०२५ ची. म्हणजे ऑगस्टमध्ये नाव आलेला माणूस जानेवारीत मतदान करू शकला नाही. प्रभागाच्या प्रारूप यादीवर हरकत घेऊन चुकीच्या प्रभागात गेलेलं नाव सुधारता येतं, नवं नाव घालता येत नाही.

## ९. अर्ज नामंजूर झाला तर

आधी कारण वाचा. ‘आढळले नाहीत’, ‘पुरावा अस्पष्ट’, ‘चुकीचा मतदारसंघ’ यांपैकी काही असेल तर सरळ नवा अर्ज करणं जास्त लवकर होतं. त्यावर बंदी नाही.

सगळं बरोबर असूनही नाकारलं असं वाटत असेल तर मतदार नोंदणी अधिकाऱ्याच्या आदेशापासून पंधरा दिवसांत जिल्हाधिकाऱ्यांकडे अपील करता येतं. ठाण्यासाठी जिल्हाधिकारी कार्यालय कोर्ट नाक्याला आहे. खारघर-पनवेलकरांसाठी ते अलिबागला. दुसरं अपील तीस दिवसांत राज्याच्या मुख्य निवडणूक अधिकाऱ्यांकडे. चौकशीसाठी १९५० हा निःशुल्क क्रमांक आहे. फोन करताना संदर्भ क्रमांक समोर ठेवा, त्याशिवाय काही सांगता येत नाही.

जुनी इमारत पुनर्विकासाला गेली म्हणून तात्पुरतं भाड्याने राहणाऱ्यांनी इथे सावध राहावं. नौपाडा असो की वाशी, पाडलेल्या इमारतीच्या पत्त्यावर बीएलओ आले की तिथे पत्र्याचं कुंपणच असतं, आणि तुमची नोंद ‘स्थलांतरित’ होऊन नाव वगळण्याची प्रक्रिया सुरू होऊ शकते. नवी इमारत उभी राहायला वर्षं लागतात. त्यापेक्षा नमुना ८ ने सध्याच्या भाड्याच्या पत्त्यावर नाव न्या आणि ताबा मिळाल्यावर परत आणा.

## १०. मंजूर झाल्यावर

कार्डाची वाट बघत बसू नका. मोबाइल नोंदीशी जोडलेला असेल तर पोर्टलवरून ई-एपिक, म्हणजे कार्डाची क्यूआर कोड असलेली पीडीएफ, लगेच उतरवता येते. ही सोय २५ जानेवारी २०२१ पासून आहे आणि ती छापील कार्डाइतकीच ग्राह्य आहे. ओटीपी येत नसेल तर नोंदीत जुना मोबाइल आहे. नमुना ८ च्या दुरुस्तीतून तो बदला. पीडीएफ डिजिलॉकरमध्येही ठेवा.

छापील कार्ड टपालाने येताना पुन्हा तोच वॉचमनचा प्रश्न असतो. पोस्टमनला तुमचं नाव फलकावर दिसलं नाही तर पाकीट परत जातं. परत गेलंच तर आधी आपल्या पोस्ट ऑफिसात, मग मतदार नोंदणी कार्यालयात चौकशी करा.

कार्ड हातात आल्यावर नावाचं मराठी रूप, वडिलांचं वा पतीचं नाव, जन्मतारीख, फ्लॅट क्रमांक आणि मतदारसंघाचा क्रमांक वाचा. चूक दिसली तर लगेच दुरुस्तीचा अर्ज करा. पुढचं घर बदललं की पुन्हा नमुना ८, आणि इथे भाडेकरू दर दोन-तीन वर्षांनी हलतोच. त्याच विभागात घर बदललं तरी अर्ज करा: अर्जात ‘मतदारसंघाच्या आत’ हा पर्याय आहे. तो न केल्याने मतदान केंद्र जुन्याच घराजवळचं राहतं, आणि पडताळणीला कुणी आलं तर तुम्ही तिथे सापडत नाही.

मतदानाच्या आठवडाभर आधी पोर्टलवर पुन्हा नाव शोधून भाग क्रमांक, अनुक्रमांक आणि केंद्राचा पत्ता पाहून घ्या. केंद्रं बदलतात. घरी येणारी मतदार माहिती चिठ्ठी ओळखीचा पुरावा म्हणून चालत नाही, सोबत कार्ड किंवा दुसरं फोटो ओळखपत्र न्या.